परसबागेतील झेंडू : लागवड व निगा

दसरा व दिवाळी या सणांस महाराष्ट्रातील प्रत्येक घरी झेंडूची फुले लागतात. दाराचे तोरण, शस्त्रे व अवजारे यांची पूजा, वहीपूजन, गुराढोरांच्या गळ्यातील माळा या सर्वांसाठी या फुलास मागणी असते. असे असूनही पुष्कळ कुटुंबे घरामागे पाण्याची सोय व मोकळी जागा असताना ही फुले ऐन सणात चढ्या भावाने विकत घेतात. ज्यांनी लागवड केलेली असते त्यांच्यापैकीही काहींची फुले सणाच्या आधीच ओसरतात, तर काहींची सण उलटून गेल्यावर उमलतात. हे नुकसान बहुधा पेरणीचा दिवस चुकल्यामुळे होते. म्हणून झेंडूच्या लागवडीत दिवसांचा हिशेब प्रथम समजून घेणे अगत्याचे आहे.

पेरणी केव्हा करावी ?

दसऱ्याची इंग्रजी तारीख दरवर्षी बदलते. २०२३ साली दसरा २४ ऑक्टोबरला, २०२४ साली १२ ऑक्टोबरला आणि २०२५ साली २ ऑक्टोबरला आला. याचा अर्थ असा की, दोन वर्षांत सण बावीस दिवस अलीकडे सरकला. ज्या वर्षी दसऱ्यापूर्वी अधिक मास येतो, त्या वर्षी तो पुन्हा पुढे जातो. यास्तव गेल्या वर्षीच्या तारखेवर न विसंबता पंचांगात दसऱ्याचा दिवस पाहावा व तेथून मागे दिवस मोजावेत.

समजा, निवडलेल्या जातीस पेरणीपासून सुमारे ९० दिवसांनी फुले येतात. बहर भरात येण्यास आणखी १० दिवस धरावेत. म्हणजे सणापूर्वी १०० दिवस बी पेरले पाहिजे. या हिशेबाने २०२३ साली १६ जुलै हा, तर २०२५ साली २४ जून हा पेरणीचा योग्य दिवस ठरतो. मात्र सर्व जाती सारख्या दिवसांत फुलत नाहीत. भारतीय कृषि संशोधन संस्थेच्या ‘पुसा नारंगी गेंदा’ या जातीस पेरणीपासून सव्वाशे दिवसांहून अधिक काळ लागतो. बी घेतानाच जातीचा कालावधी विचारून घ्यावा.

जातींचे प्रकार

झेंडूचे मूळ स्थान मेक्सिको व मध्य अमेरिका होय. उंच वाढणाऱ्या व मोठ्या फुलांच्या झेंडूस आफ्रिकन असे म्हणण्याचा प्रघात असला तरी तोही अमेरिकेतीलच आहे. हार व तोरणे यांसाठी हाच प्रकार योग्य. फ्रेंच झेंडू बुटका असून त्याची फुले लहान असतात. तो वाफ्याच्या कडेने व कुंडीत लावण्यास सोयीचा आहे.

रोपे व लागण

बियांसाठी १ मीटर रुंद व १५ सेंटिमीटर उंच गादीवाफा करावा. पावसाळ्यात पाणी साचल्यास कोवळी रोपे बुडाशी कुजून कोलमडतात, म्हणून वाफा उंचच असावा. बी ओळीत विरळ पेरून बारीक कुजलेल्या खताने झाकावे व झारीने पाणी द्यावे. साधारणतः ५ ते ७ दिवसांत उगवण होते. रोपे २५ ते ३० दिवसांची झाली की सायंकाळी त्यांची लागण करावी.

जागा दिवसभर उन्हाची व पाण्याचा निचरा होणारी असावी. सावलीत पाला माजतो व फुले कमी येतात. दर चौरस मीटरास २ ते अडीच किलो चांगले कुजलेले शेणखत मिसळावे. आफ्रिकन झेंडूसाठी दोन ओळींत ६० व दोन रोपांत ४५ सेंटिमीटर अंतर ठेवल्यास एका गुंठ्यात सुमारे ३७० रोपे बसतात. नत्रयुक्त खत बेताने द्यावे; त्याचा अतिरेक झाल्यासही पालाच वाढतो.

शेंडा खुडणे व तोडणी

लागणीनंतर सुमारे चार आठवड्यांनी आफ्रिकन झेंडूचा मुख्य शेंडा खुडावा. त्यामुळे बगलफुटी वाढून फुलांची संख्या वाढते. पहिली फुले मात्र काही दिवस उशिरा येतात, हे पेरणीच्या हिशेबात धरावे. फ्रेंच झेंडू आपोआप पसरत असल्यामुळे त्यास याची जरुरी नसते.

पूर्ण उमललेली फुले सकाळी किंवा सायंकाळी तोडावीत. ती झाडावर वाळू दिल्यास पुढील कळ्या कमी येतात. ओली फुले दडपून भरल्यास लवकर कुजतात.

भाजीपाल्यास होणारा लाभ

वांगी, टोमॅटो व भेंडी यांच्या मुळांवर गाठी करणाऱ्या सूत्रकृमींस झेंडूच्या मुळांतील द्रव्ये मारक ठरतात. तथापि बांधावर चारदोन झाडे लावून हा लाभ मिळत नाही. उपद्रव झालेल्या वाफ्यात किमान दोन महिने दाट झेंडू घ्यावा व त्यानंतर तेथे भाजी लावावी.

टोमॅटोवरील फळे पोखरणारी अळी आकर्षून घेण्यासही झेंडू उपयोगी पडतो. त्यासाठी टोमॅटोच्या सुमारे १६ ओळींमागे झेंडूची एक ओळ लावावी. लागणीच्या वेळी टोमॅटोचे रोप २५ दिवसांचे, तर झेंडूचे ४० दिवसांचे असावे, म्हणजे दोन्ही एकाच सुमारास फुलतात. झेंडूच्या कळ्यांवरील अळ्या वेचून नष्ट करणे हा या उपायाचा आवश्यक भाग आहे. तसे न केल्यास अळीची पैदास आपल्याच बागेत होते.

बी राखणे

संकरित जातीचे बी राखल्यास पुढील पिढीत मूळ गुण टिकत नाहीत. सुधारित वा स्थानिक जातीचे बी ठेवावयाचे असल्यास जोमदार, निरोगी व भरगच्च फुलांची झाडे खुणा करून राखावीत. निरनिराळ्या रंगांचे झेंडू शेजारी असल्यास परागसंकर होतो, म्हणून बियांची झाडे दूर असावीत. फुले झाडावरच वाळवून बी सावलीत सुकवावे व पुढील हंगामातच वापरावे.

ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांनी उन्हाळा संपण्यापूर्वीच गावातील कुटुंबांस दसऱ्याची तारीख, जातीचा कालावधी व त्यावरून निघणारा पेरणीचा दिवस या तीन गोष्टी लिहून द्याव्यात. एवढ्यानेही अनेक घरांचा सणातील फुलांचा खर्च वाचेल आणि उरलेली फुले बाजारात वेळेवर पोहोचतील.