लाट आपली, पडदा कुणाचा?

सर्फिंगपटांचा नाद मला फार जुना. बहुतेकांत कथा नावालाच असते. ब्रूस ब्राउनच्या ‘द एंडलेस समर’ने (१९६६) वाट घालून दिली: दोन तरुण, दोन फळ्या आणि जगभर लाटांचा शोध. पुढच्यांनी ती इमानाने गिरवली.

अशाच एका चित्रपटाच्या गाण्यांच्या यादीत चक्क कल्याणजी-आनंदजी भेटले! चित्रपट ‘थिकर दॅन वॉटर’. तो करणारे जॅक जॉन्सन आणि ख्रिस मलॉय हे दोघेही मुळात सर्फर. हवाईत वाढलेल्या जॉन्सनला सतराव्या वर्षी पाइपलाइनच्या लाटेवर मोठा अपघात झाला. पुढे तो कॅलिफोर्नियात चित्रपटकला शिकला, मग गायक म्हणून गाजला. १९९८मध्ये छायाचित्रकार जॉन कॅलहनच्या चमूबरोबर हे दोघे बोटीने अंदमानला आले. हे चित्रीकरण सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर झालं. कल्याणजी-आनंदजींची ‘माय गुरू’ ही रचना मात्र आली त्याच वर्षीच्या ‘बॉम्बे द हार्ड वे’ या संग्रहातून. सत्तरच्या दशकातल्या हिंदी चित्रपटांचं पार्श्वसंगीत डॅन द ऑटोमेटरने त्यात नव्याने घडवलं होतं. म्हणजे लाट बंगालच्या उपसागरातली, सूर मुंबईचे, आणि फळीवर पाहुणे. भारत होता, पण मागच्या पडद्यापुरता.

तो पुढे आला कर्नाटकच्या किनाऱ्यावर.  मंगळूरहून थोडं उत्तरेला, शांभवी नदीच्या मुखाजवळ मुल्की. तिथे २००४मध्ये जॅक हेबनर या अमेरिकी संन्याशाने ‘मंत्र सर्फ क्लब’ सुरू केला. हे स्वामी महाराज १९६३पासून सर्फिंग करत होते. संन्यास घेतला, फळी सोडली नाही.

२००७मध्ये मणिपालला पत्रकारिता शिकणाऱ्या मुंबईच्या इशिता मालवीयला या क्लबचा पत्ता लागला तो एका जर्मन विद्यार्थ्याकडून. ती आणि तिचा साथीदार तुषार पाथियान तिथे शिकले. सुरुवातीला दोघांत फळी एकच. पुढे कोडी बेंगरे या मच्छीमार वस्तीत त्यांनी ‘शाका सर्फ क्लब’ उभा केला. इशिता भारताची पहिली व्यावसायिक महिला सर्फर म्हणून ओळखली जाऊ लागली.

२०१४च्या ‘बियाँड द सरफेस’ या माहितीपटात ती आहे. दिग्दर्शन क्रिस्टल थॉर्नबर्ग-होम्सी आणि डेव्ह होम्सी यांचं. क्रिस्टल स्वतः सर्फर. परदेशी सर्फर मुली दक्षिण भारतात फिरतात, त्यांच्यात इशिताही. योग, अध्यात्म हा नेहमीचा मसाला इथेही आहे, आणि मला तो जास्तच वाटतो. पण या चित्रपटातली भारतीय मुलगी किनाऱ्यावर उभी राहून हात हलवत नाही. लाटेवर उभी राहते. उन्हात काळी पडशील, हे आपल्या घराघरांत ऐकवलं जाणारं वाक्य ज्यांनी झेललंय, त्यांना यातलं धाडस समजावून सांगावं लागणार नाही. बेंगऱ्यात तर बापजाद्यांचा धंदा समुद्रावरचा, तरी पाण्याची धास्ती. इशिता-तुषारने तिथल्या पोरांना पोहायला शिकवलं. माझ्या लेखी हे काम कुठल्याही भूमिकेपेक्षा मोठं.

तरीही एक सल उरतो. ब्राउन, मलॉय, जॉन्सन, क्रिस्टल हे सगळे आधी फळीवर चढले, मग कॅमेऱ्यामागे गेले. म्हणूनच लाट कुठे फुटणार हे त्यांना आधी कळतं. इशिता तर पत्रकारिता शिकलेली. तिने आता दुसऱ्याच्या माहितीपटात पात्र होणं थांबवावं आणि बेंगऱ्याची गोष्ट स्वतः चित्रित करावी.