अरण्यातील शिबिर आणि भयानक रस

भयपटाचा विषय वाङ्मयचर्चेत निघाला की पुष्कळ रसिक नाक मुरडतात. किंकाळ्या, रक्त आणि अंधार यांत रसविचाराला वाव कोठला, असा त्यांचा प्रश्न असतो. परंतु सुरतेत खानदेशातून येऊन स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबांतील तरुण मुले हे चित्रपट आवडीने पाहतात; आणि जे आवडीने पाहिले जाते त्याची मीमांसा टाळणे आम्हांस उचित वाटत नाही.

या चित्रपटांतील एक प्रकार म्हणजे अरण्यातील शिबिरात सापडलेल्या तरुणांची कथा. तिला जगभर लोकप्रियता मिळाली ती १९८० साली निघालेल्या ‘फ्रायडे द थर्टीन्थ’ या अमेरिकन चित्रपटामुळे. दिग्दर्शक शॉन कनिंगहॅम यांनी थोड्या खर्चात तो तयार केला. तळ्याकाठी वर्षानुवर्षे बंद असलेले मुलांचे शिबिर पुन्हा उघडावयाचे ठरते. तयारीसाठी आलेल्या तरुणांचा एकामागून एक खून होतो. मारेकरी कोण हे शेवटापर्यंत कळत नाही. पुष्कळदा कॅमेराच मारेकऱ्याच्या डोळ्यांनी पाहतो, त्यामुळे प्रेक्षक सतत धास्तावलेला राहतो.

नाट्यशास्त्रात भयानक रसाचे विभाव सांगताना भरताने विकृत आवाज, अरण्य आणि ओसाड घर यांचा निर्देश केला आहे. त्यांच्याच पंक्तीत त्याने आणखी एक कारण दिले आहे: गुरू किंवा राजा यांचा केलेला अपराध. म्हणजे भय केवळ स्थळातून उपजत नाही, ते अपराधाच्या जाणिवेतूनही उपजते. आमच्या मते प्रस्तुत चित्रपटाचे मर्म येथेच आहे. १९५७ साली त्या तळ्यात एक मुलगा बुडून मेला, कारण ज्यांनी त्याच्यावर लक्ष ठेवावयाचे ते आपल्याच नादात होते. त्या मुलाची आई हीच अखेरीस मारेकरी ठरते. भरताच्या सूत्रात अपराध वडीलधाऱ्यांविरुद्ध घडतो. येथे राखण करणाऱ्यांनी लहानग्याचा अपराध केला आहे. शिवाय शासन भोगतात ते मूळ अपराधी नव्हेत, तर पुढे तेथे आलेली निरपराध मुले. गावकऱ्यांनी धोक्याची सूचना दिलेली असते; मालक ती मनावर घेत नाही, आणि संकटाच्या रात्री मुलांजवळ हजरही नसतो.

आपल्या जवळचे अरण्य पाहावे. डांगातील साग-बांबूच्या रानात, पूर्णा नदीकाठच्या महाल येथे, वनखात्याचे शिबिरस्थळ आहे आणि निसर्गप्रेमी तेथे मुक्कामास जातात. त्याच डांगात वाघदेवाची पूजा होते. वाघ, सूर्य, चंद्र कोरलेली त्याची लाकडी फळी उभारलेली दिसते. जे भयाचे कारण तेच येथे रक्षक मानले गेले. रान धोक्याचे आहे हे डांगी माणूस जाणतो. म्हणूनच तो राखणदार नेमून ठेवतो. चित्रपटातील शिबिरात नेमका हा राखणदार नाही. अरण्य तेच, परंतु राखण नसल्यामुळे ते भयस्थान होते.

हा विचार केवळ रसचर्चेपुरता राहिला असता तर बरे होते. २४ मे २०१९ रोजी सुरतेच्या सरथाणा भागातील तक्षशिला या इमारतीस आग लागली. वरच्या मजल्यावर शिकवणीचा वर्ग भरला होता. लाकडी जिना पेटल्याने उतरण्याची वाट बंद झाली. अनेक मुलांनी वरून उड्या टाकल्या. बावीस जीव गेले, त्यांत बहुतेक विद्यार्थीच होते. तेथे ना अरण्य होते, ना कोणी मुखवटाधारी मारेकरी. भर वस्तीत, दिवसाउजेडी, शिकण्यासाठी पाठविलेली मुले होती. वाट मोकळी ठेवणे हे मोठ्यांचे काम होते. त्यांच्या हयगयीचे मोल मुलांनी दिले.

म्हणून अशा चित्रपटांपासून मुलांना दूर ठेवावे की नाही, या प्रश्नाला आम्ही दुय्यम मानतो. चित्रपट संपल्यावर मुलाचे भय ओसरते. खोटे रक्त पुसले जाते. पालकांनी मात्र त्यातून एक प्रश्न घरी न्यावा: आपले मूल ज्या छपराखाली आपण पाठवितो, तेथे राखण कोणाची आहे? शिकवणीच्या वर्गाची फी विचारणाऱ्याने दुसऱ्या जिन्याचीही चौकशी करावी.