पोथीबाहेरचा गोकू

राळेगाव तालुक्यातल्या रावेरीला एकट्या सीतेचं मंदिर आहे. गावात सांगतात, गरोदर सीतेला इथल्याच रानात सोडलं, लव-कुश इथेच वाढले आणि अश्वमेधाच्या घोड्यामागे आलेल्या हनुमानाला या पोरांनी बांधून घातलं. बांधलेला हनुमानही तिथे दाखवतात. वाल्मीकींकडे ही लढाई नाहीच. तिथे लव-कुश यज्ञात येऊन रामायण गातात. पण ऐकणाऱ्याला लढाई हवी असते. हनुमान भारी की ही पोरं, हे एकदा कळायला नको?

‘ड्रॅगन बॉल झी’ या जपानी कार्टून मालिकेचे चित्रपट हीच हौस पुरवतात. अकिरा तोरियामांची मूळ चित्रकथा १९८४ ते १९९५ चालली. तिच्यावरच्या मालिकेचे १३ चित्रपट तोएई कंपनीने १९८९ ते १९९५ मध्ये काढले, तेही जपानी शाळांच्या सुट्ट्या साधून. बहुतेक तासाभराच्या आत आटोपतात. कार्टून नेटवर्कवर हिंदीतून मालिका बघितलेल्यांना याचं मोल कळेल. तिथे पाच मिनिटांत फुटणारा नामेक ग्रह कित्येक भाग फुटतच असतो!

चित्रपटात तसला खोळंबा नाही. कुठून तरी नवा खलनायक टपकतो, नायक गोकूचा मुलगा गोहान मार खातो, गोहानचा गुरू पिकोलो ऐन वेळी धावून येतो आणि तोही मार खातो, शेवटी खुद्द गोकू. मालिकेतल्या फ्रीझा या खलनायकाला कूलर नावाचा थोरला भाऊ निघतो, ज्याचा मूळ कथेत पत्ताच नाही. हे सगळे एका वेळी, इतक्या ताकदीनिशी एकत्र कधी होते, याचा हिशेब लावायला बसलात तर लागत नाही. लावूही नये. इथे जिंकल्या-हरल्याचं पुढे काहीच होत नाही, म्हणून कोणालाही कोणाशीही भिडवता येतं.

१९९३ चा ब्रॉली हा अशा खलनायकांतला सर्वांत गाजलेला. तान्हेपणी शेजारच्या पाळण्यात गोकू रडत राहिला, एवढ्यावरून हा राक्षसी ताकदीचा गडी त्याच्यावर डूख धरतो. कथा ताकाओ कोयामांची, रूप तोरियामांनी रेखाटलेलं. लोकांनी त्याला इतकं डोक्यावर घेतलं की २०१८ मध्ये तोरियामांनी स्वतः ‘ड्रॅगन बॉल सुपर: ब्रॉली’ लिहून त्याला मूळ कथेत घेतलं. चित्रपटांतच जन्मलेल्या गोगेटाचाही तिथेच प्रवेश झाला. नव्या ब्रॉलीला उजाड ग्रहावरचं बालपण आणि गळ्यात झटके देणारा पट्टा घालणारा बाप मिळाला, पाळणा गेला. पात्र म्हणून तो उजवा आहे, कबूल. मला मात्र रडण्यावरून पेटलेला जुनाच आवडतो.