शिलेदाराचे भांडवल

बंगळूरच्या चिकपेटेत रेशमी वस्त्रांच्या गठ्ठ्यांमधून वाट काढणे हेच एक कसब असते. केंपेगौडांनी १५३७ मध्ये वसवलेले हे शहर १६३८ मध्ये शहाजीराजांच्या जहागिरीत आले आणि मराठी बोली या पेठेला परिचित झाली. मराठी फौजेतला ‘शिलेदार’ हा शब्द तर पुढे म्हैसूर संस्थानाच्या दप्तरातच जाऊन बसला.

बारगिराला सरकारी घोडा मिळे. शिलेदार मात्र स्वतःचा घोडा आणि हत्यार घेऊन चाकरीस येई. १८०७ च्या तहाने म्हैसूर दरबारावर असे चार हजार स्वार बाळगण्याचे बंधन आले. १८३१ मध्ये इंग्रजांनी कारभार हाती घेतल्यावर लढाईचे काम उरले नाही. शिलेदारांच्या वाट्याला बहुतांशी पोलिसी कामे आली.

पेठेबाहेरचा मुलूख विरळ वस्तीचा होता. तुमकूर, चित्रदुर्ग, हासन, चिक्कमगळूर या भागांत ‘अमृत महाल’ गुरांची राखीव कुरणे पसरली होती. कन्नडमध्ये त्यांना ‘कावल’ म्हणतात. चिक्कदेवराज वडेयरांच्या काळी आरंभ झालेल्या या गोधनाला अमृत महाल हे नाव टिपू सुलतानाने दिले. तोफा ओढणाऱ्या या चपळ बैलांचे कळप ऋतुमानाप्रमाणे एका कावलातून दुसऱ्यात जात. अशा मुलखात पायी शिपाई कितीसा पुरणार? तेथे घोडाच हवा.

आणि तो घोडाच शिलेदाराचे सारे भांडवल होता. पगार स्वाराचा नव्हे, घोड्यासह स्वाराचा. दाणावैरण, खोगीर, नाल यांचा खर्चही त्यातूनच भागवायचा. जनावर दगावले की नवे घेईपर्यंत चाकरी धोक्यात, आणि नवे घ्यायचे तर सावकाराचे दार. इंग्रजी लष्करातील शिलेदारी पलटणींनी यावर एक शहाणा तोडगा काढला होता. दरमहा प्रत्येकाने थोडी वर्गणी, म्हणजे ‘चंदा’, भरायची आणि कुणाचा घोडा गेल्यास त्या निधीतून नव्यासाठी साहाय्य घ्यायचे. पशुविम्याच्या आजच्या ग्राहकाला ही योजना परकी वाटणार नाही!

म्हैसूरचे भालाईत स्वार २३ सप्टेंबर १९१८ रोजी हैफाच्या लढाईत जोधपूरच्या स्वारांबरोबर लढले. भारतीय लष्करातील शिलेदारी पद्धत महायुद्धानंतर लवकरच बंद झाली. म्हैसूरमध्ये १९५१ पासून पोलिसांचे अश्वदल आहे. दसऱ्याच्या मिरवणुकीत ते दिमाखाने चालते. त्याचे घोडे मात्र सरकारी आहेत.