रोडग्यांच्या विस्तवावर ग्रीक मेजवानी

घरी भट्टी नसली म्हणून काय झाले? अकोला-अमरावतीकडे गोवऱ्यांवर रोडगे भाजणाऱ्या घराला भट्टीची वाण कसली!

माझा मुलगा जहाजावर नोकरीला. ग्रीसच्या पिरेयस बंदरात तो कोकराचे मांस-बटाटे जेवला आणि दिवाळीत तेच मागू लागला. तिकडे बंद भांड्यात मंद शिजविलेल्या मांसाला ‘क्लेफ्टिको’ म्हणतात. डोंगरातले बंडखोर धूर दिसू नये म्हणून मांस जमिनीत पुरून शिजवीत, अशी आख्यायिका आहे. सासूबाईंनी बजावले, “कच्चं राहिलं तं मी शिवणार नाही!”

मी १ किलो बोकडाच्या मटणाचे मोठे तुकडे, पाऊण किलो बटाट्यांच्या फाका, १० लसूणपाकळ्या, २ लिंबांचा रस, मीठ, मिरपूड आणि पाव वाटी शेंगदाण्याचे तेल घेतले. ओरेगानोऐवजी अर्धा चमचा ओवा. दोहोंच्या वासात थायमॉल असतेच. जाड पातेल्यात खाली बटाटे, वर मटण, वाटीभर पाणी. झाकण कणकेने लिंपले. निखारे खाली आणि झाकणावरही. अडीच तास झाकण उघडले नाही. वरचे निखारे तेवढे बदलले.

मटण हाडापासून सुटले होते. सासूबाईंनी बटाटा दुसऱ्यांदा मागून घेतला.