आठवणीवरील धुके

जे. के. रोलिंग यांच्या हॅरी पॉटरच्या जगात आठवण पात्रात ओतता येते. कांडी कानशिलाला लावली, की तिचा रुपेरी धागा बाहेर निघतो. तो ‘पेन्सिव्ह’ नामक दगडी पात्रात सोडावा आणि दुसऱ्यानेही आत उतरून तो प्रसंग पाहावा.

परंतु आठवणीत फेरफारही करता येतो. २००५ साली प्रसिद्ध झालेल्या सहाव्या कादंबरीत वृद्ध अध्यापक स्लगहॉर्न अशीच एक आठवण मुख्याध्यापक डंबलडोर यांच्या स्वाधीन करतात. आत्म्याचे तुकडे लपवून मृत्यू टाळण्याच्या अघोरी विद्येविषयी टॉम रिडल या विद्यार्थ्याने त्यांना विचारले होते, आणि त्यांनी ते सांगितले होते. हाच विद्यार्थी पुढे क्रूरकर्मा व्होल्डेमॉर्ट झाला. लज्जेपोटी स्लगहॉर्न यांनी नेमक्या त्या जागी दाट धुके पसरले.

डंबलडोर मात्र जाणतात, की फेरफार ओबडधोबड आहे, त्या अर्थी खरी आठवण खाली शाबूत आहे. पुढे हॅरी आपल्या आईचे स्मरण करून देतो. ती स्लगहॉर्न यांची लाडकी विद्यार्थिनी, आणि तिचा वध व्होल्डेमॉर्टनेच केलेला. तेव्हा कोठे ते कांडी उचलतात. व्होल्डेमॉर्टच्या नाशाची वाट त्याच धाग्यातून उघडते.

आठवण झाकताना स्लगहॉर्न एकटे होते. ती उघडी करण्यास मात्र समोर ऐकणारा लागला; आणि त्याने आपल्याविषयी फार वाईट मत करून घेऊ नये, एवढीच त्यांची विनवणी होती.