खिडकीवरची भाषा

मागच्या भागानंतर वटारच्या एका मावशींनी आम्हाला थांबवून विचारले, "आम्ही वेलंकणीला गेलो होतो, तिथे श्रीलंकेहून आलेल्या दोन बायका भेटल्या. मोडक्या हिंदीत म्हणाल्या, लढाईत घर सोडून आलो, मग परत गेलोच नाही. त्या तमिळ, आणि तिथेही तमिळच. मग लढाई कोणाची कोणाशी?" प्रश्न साधा होता, पण आम्हाला नीट उत्तर देता आले नाही. म्हणून घरी जाऊन वाचले, एकमेकींना विचारले. आज तेच तुम्हाला सांगतो.

श्रीलंका हे आपल्या रामेश्वरमपासून जेमतेम तीस किलोमीटर समुद्रापलीकडचे बेट. २०१२ च्या जनगणनेप्रमाणे तिथे शंभरातले सुमारे पंचाहत्तर लोक सिंहली. ते बहुतेक बौद्ध. उत्तरेला जाफना आणि पूर्व किनारा इथे पिढ्यान्‌पिढ्या राहणारे तमिळ, सुमारे अकरा. ते बहुतेक हिंदू. साधारण नऊ मुसलमान, त्यांचीही घरची भाषा बहुधा तमिळ. आणि चारेक लोक डोंगरातले तमिळ. यांच्या पणज्या-खापरपणज्यांना इंग्रजांनी तमिळनाडूतून चहाच्या मळ्यांवर पानं खुडायला नेले. ख्रिस्ती लोक मात्र सिंहलीही आहेत आणि तमिळही.

देश ४ फेब्रुवारी १९४८ ला स्वतंत्र झाला. तेव्हा त्याचे नाव सिलोन होते. त्याच वर्षी नागरिकत्वाचा कायदा आला आणि मळ्यांवरच्या लाखो मजुरांना "तुम्ही इथले नाही" असे सांगितले गेले. ज्या बाईचा जन्म त्याच मळ्यात झाला, तिने बापाच्या जन्माचा कागद कुठून आणायचा? त्यांची मतेही गेली. पहिला दरवाजा असा बंद झाला.

दुसरा दरवाजा भाषेचा. इंग्रजांच्या काळात सरकारी काम इंग्रजीत चाले आणि इंग्रजी येणारे लोक फार थोडे होते. जाफन्याला जमीन कोरडी, शेती बेताची, पण मिशनच्या शाळा चांगल्या. तिथली तमिळ मुले इंग्रजी शिकली आणि कोलंबोत कारकून, डॉक्टर, हिशेबनीस झाली. लोकसंख्येच्या मानाने सरकारी नोकऱ्यांत तमिळ जास्त दिसू लागले. सिंहली शेतकऱ्याच्या मुलाला वाटले, देश आमचा, आणि खुर्चीवर बसलेला दुसराच. त्याचे हे दुखणे खोटे नव्हते, एवढे लक्षात ठेवा.

१९५६ च्या निवडणुकीत बंडारनायके यांनी वचन दिले की निवडून आलो तर चोवीस तासांत सिंहली ही राजभाषा करू. ते निवडून आले. जूनमध्ये कायदा झाला: राजभाषा एकच, सिंहली. तमिळ नेते चेल्वनायकम आणि त्यांचे सोबती कोलंबोच्या समुद्रकिनारी मैदानात शांतपणे सत्याग्रहाला बसले, तर जमावाने त्यांना मारहाण केली. त्या वेळी कोल्विन डिसिल्वा नावाच्या सिंहली खासदारांनीच संसदेत सावध केले होते. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे, की दोन भाषा ठेवाल तर देश एक राहील, एकच ठेवाल तर देशाचे दोन होतील.

राजभाषा म्हणजे नुसती पाटी नव्हे. पोलीस ठाण्यातली तक्रार, दवाखान्याचा कागद, जमिनीचा उतारा, नोकरीची परीक्षा, पेन्शनचा अर्ज, सगळे त्या भाषेत. कालपर्यंत कामाला असलेल्या तमिळ कारकुनाला आता सिंहली शिका नाहीतर बढती विसरा. खिडकीवर उभ्या असलेल्या बाईला समोरचा माणूस काय बोलतो तेच कळेना.

तरी अजून वेळ होती. १९५७ मध्ये बंडारनायके आणि चेल्वनायकम यांच्यात करार झाला. तमिळ भागात तमिळमधून कारभार आणि काही अधिकार प्रादेशिक मंडळांना, असे ठरले. बौद्ध भिक्खू बंडारनायकेंच्या घरासमोर येऊन बसले, आणि १९५८ च्या एप्रिलमध्ये त्यांनी करार मोडला. पुढच्याच महिन्यात दंगल. पुढच्या वर्षी एका भिक्खूनेच त्यांना गोळ्या घातल्या. १९६५ ला दुसऱ्या पंतप्रधानांनी पुन्हा करार केला, तोही अमलात आला नाही. १९७० नंतर विद्यापीठाच्या प्रवेशाचे नियम बदलले आणि तमिळ मुलांना डॉक्टर-इंजिनियर व्हायला जास्त गुण लागू लागले. म्हणजे आई-बापांनी शब्दावर भरवसा ठेवला आणि मुलांच्या हाती काही लागले नाही. १९७६ मध्ये तमिळ पुढाऱ्यांनी पहिल्यांदा एकमुखाने वेगळा देश मागितला. कायदा झाल्यापासून वीस वर्षांनी.

पुढचे तुम्ही ऐकले असेल. १९८१ मध्ये जाफन्याचे सार्वजनिक वाचनालय जाळले गेले, सुमारे ९७,००० पुस्तके आणि जुन्या पोथ्या राख झाल्या. जुलै १९८३ मध्ये तमिळ वाघांनी, म्हणजे एलटीटीईने, तेरा सैनिक मारले आणि त्याचा सूड कोलंबोतल्या तमिळ घरांवर, दुकानांवर निघाला. तिथून खरी लढाई पेटली आणि होड्या रामेश्वरमला येऊ लागल्या. १९८७ मध्ये आपल्या सरकारने करार करून शांतिसेना पाठवली. तीच वाघांशी लढत बसली, आपले सुमारे १,२०० जवान गेले, आणि १९९० मध्ये सेना परतली. १९९१ मध्ये वाघांनी राजीव गांधींची हत्या केली.

वाघ तमिळांसाठी लढतो म्हणत, पण वेगळे बोलणाऱ्या तमिळांनाही सोडत नसत. डॉ. रजनी तिरणगामा जाफना विद्यापीठात शिकवत. सगळ्याच बाजूंच्या अत्याचारांविषयी त्या लिहीत. सप्टेंबर १९८९ मध्ये सायकलवरून घरी जाताना त्यांना गोळ्या घातल्या, आणि बोट वाघांकडेच दाखवले जाते. ऑक्टोबर १९९० मध्ये वाघांनी उत्तरेतल्या हजारो मुसलमानांना काही तासांत, काही दिवसांत गाव सोडायला लावले. स्वतःवर झालेला अन्याय दुसऱ्यावर करायला त्यांना दहा वर्षेही लागली नाहीत. शाळकरी मुलामुलींच्या हाती बंदुका दिल्या. मे २००९ मध्ये सैन्याने वाघांना संपवले. त्या शेवटच्या काही महिन्यांत चाळीस हजारांपर्यंत सामान्य माणसे मेली असावीत, असे संयुक्त राष्ट्रसंघाच्या तज्ज्ञांनी म्हटले.

मन्नारजवळ मडू मातेचे देऊळ आहे. आपण वेलंकणीला जातो तसे तिथे सिंहली आणि तमिळ दोघेही जात. लढाईत हजारो लोक तिथे आसऱ्याला राहिले. १९९९ मध्ये तिथेही तोफगोळे पडले, माणसे मेली. २००८ मध्ये धर्मगुरूंना मातेची मूर्तीच उचलून दुसरीकडे न्यावी लागली. काही महिन्यांनी ती परत आली. माणसे मात्र सगळी परत आली नाहीत. २०१७ पासून किलिनोच्चीच्या रस्त्याकडेला तमिळ आया मुलांचे फोटो घेऊन बसल्या. सैन्याच्या ताब्यात दिलेला मुलगा कुठे आहे, एवढेच त्या विचारतात.

आता तुम्ही म्हणाल, हे आपल्याला कशाला? तर ते १९५६ साल आपलेही आहे. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला आपल्याकडे भाषेप्रमाणे राज्ये झाली. मराठी माणसाला मात्र राज्य मिळाले नाही, गुजरातीसह एकत्र मुंबई राज्य मिळाले. संयुक्त महाराष्ट्रासाठी शंभराहून अधिक माणसांनी जीव दिला, तेव्हा १ मे १९६० उजाडला. बेळगाव तर १९५६ मध्येच म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात, गेले ते गेलेच. तिथल्या मराठी बाईला सातबारा कन्नडमध्ये मिळतो, बसची पाटी कन्नडमध्ये. १९८६ मध्ये कन्नडसक्तीविरुद्ध आंदोलन झाले, गोळीबार झाला, माणसे गेली. महाजन आयोगाचा अहवाल महाराष्ट्राने मानला नाही, आणि २००४ पासून दावा सर्वोच्च न्यायालयात आहे. जाफन्याच्या बाईचे दुखणे बेळगावच्या बाईला समजावून सांगावे लागणार नाही.

पण एक फरक आहे, आणि आम्हाला तोच महत्त्वाचा वाटतो. १९५६ मध्येच आपल्या राज्यघटनेत ३५०-अ हे कलम घातले गेले: भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळावे. त्याचा अंमल सगळीकडे नीट होतो असे नाही, पण बोट ठेवायला कागद आहे, दार ठोठवायला न्यायालय आहे. आपल्याच तमिळनाडूचे बघा. तिथेही एकेकाळी वेगळ्या देशाची मागणी होती. द्रमुकने ती १९६३ पर्यंत सोडली. १९६५ मध्ये हिंदीविरुद्ध मोठा उठाव झाला, माणसे मेली, आणि १९६७ मध्ये संसदेने कायदा केला की बिगरहिंदी राज्ये नको म्हणेपर्यंत इंग्रजी राहील. त्याच वर्षी द्रमुक मतपेटीतून सत्तेवर आला. इकडे दिलेला शब्द कायद्यात उतरला. तिकडे करार फाडले गेले. तमिळ भाषा एकच, पण दोन किनाऱ्यांवर दोन गोष्टी घडल्या. श्रीलंकेनेही १९८७ मध्ये तमिळला राजभाषा केले. एकतीस वर्षे उशिरा, आणि लढाई पेटल्यावर.

स्वतःकडेही बघू या. १९६६ नंतर मुंबईत "दाक्षिणात्यांनी आमच्या नोकऱ्या घेतल्या" म्हणून उडप्यांच्या हॉटेलांवर दगड पडले होते. मराठी मुलाचे दुखणे खरे होते, जसे सिंहली मुलाचे होते. पण दगड पडला तो इडली विकणाऱ्यावर. आपल्या घरात कादोडी, वाडवळी, आगरी, कोळी बोलतात. शाळेत गावची बोली बोललो म्हणून हसू झाले, हे आपल्यातल्या कितीजणींना आठवते! आणि आज आपल्याच गावात भाड्याने राहायला आलेली बाई दवाखान्यात केसपेपर हातात धरून उभी असते, तिला मराठी येत नाही. वाड्या गेल्या, विहिरी आटल्या, इमारती आल्या, याचा राग आपल्याला आहे आणि तो असावा. तो ज्यांनी परवानग्या दिल्या त्यांना विचारावा, केसपेपर धरलेल्या बाईला नव्हे.

मराठी खिडकीवर असलीच पाहिजे, हे आम्ही ठामपणे म्हणतो. अर्ज मराठीत मिळाला नाही तर मागा, लेखी मागा. पण शेजारीण अडली असेल तर तिचा कागद वाचून द्या आणि तिला चार मराठी शब्द शिकवा. मावशींनी वेलंकणीला मोडक्या हिंदीत विचारपूस केली, म्हणून तर हा विषय आपल्यापर्यंत आला. त्या दोघी बायकांची नावे विचारायची राहून गेली, याची मावशींना अजून रुखरुख आहे.